तालच्या डोंगराला आवतण

शिरवण्याच्या पुतळाबाई जगातल्या माणसांचे दोन भाग करत: आवतण दिलं की येणारी आणि आवतण राहिलं म्हणून रुसणारी. आवतणाची वाट न बघता जेवणाच्या वेळेला बरोबर उगवणारा तिसरा भागही होता. पण त्यात त्यांचा धाकटा दीर कमळाकर एकटाच मोडत असल्यामुळे त्याची वेगळी मोजदाद त्या करत नसत.

हा हिशेब त्यांना कामानेच शिकवला होता. पुतळाबाई धवलारीण. आगऱ्यांच्या लग्नात भटजी फार नंतर आले. त्याआधी, आणि आले तरी बरीच वर्षं, लग्न लावायची ती धवलारीणच. तांदळाच्या पिठाचा चौक काढायचा, मांडवात देव बसवायचे आणि हळदीपासून पाठवणीपर्यंतची प्रत्येक गोष्ट धवले, म्हणजे लग्नातली गाणी, गाऊन पार पाडायची. पहिला धवला आवतणाचा. सुरुवात गावदेवीपासून. मग खाडी, खाडीवरचा बांध, मिठागराचा राखणदार, वेशीवरचा उंबर, विहिरीतली जलदेवता. मग नवरीच्या गावची देवी आणि तिच्या गावचा डोंगर. एकेकाचं नाव घ्यायचं, चौकात तांदळाची मूठ ठेवायची, तिच्यावर सुपारी मांडायची. मिठागराच्या जागी टॉवर आले, बांध रस्त्याखाली गेला, विहीर बुजून तिच्यावर मोबाइलचं दुकान बसलं. पुतळाबाईंनी आवतणातून कोणालाही वगळलं नाही. घर पाडलं म्हणून कोणी नात्यातून उठतं का, असं त्या विचारत.

एक जरी नाव राहिलं तरी काय होतं, याचा त्यांच्याकडे पुरावा होता. नावड्याच्या एका लग्नात गडबडीत विहिरीचं नाव राहिलं, आणि लाकडं संपत आली तरी भात कच्चाच. त्या दिवशी आचारी दारू पिऊन मांडवामागे पडला होता, ही माहिती कमळाकर दर वेळी पुरवी.

"अरं पन तो त्याच दिशी कनाला पिला?" पुतळाबाई विचारत. 

आता धवल्यांना कोणी विचारत नव्हतं. हळदीला भिंतीएवढे स्पीकर येत. कोणा हौशी नवऱ्यामुलाला आपल्या रितीभातीची आठवण झालीच तर पुतळाबाईंना गाडी पाठवून नेत, खुर्चीवर बसवत, व्हिडिओपुरत्या दोन ओळी म्हणायला लावत आणि जेवून जा बरं का मावशी, असं सांगून डीजे चालू करत. पुतळाबाई जेवून येत. कोणाच्या मटणात पाणी जास्त होतं, कोणी नुसतं हात जोडून निरोप दिला आणि कोणी पायरीपर्यंत सोडायला आलं, एवढं मनात टिपून ठेवत. गळ्याबाहेर न पडलेली बाकीची गाणी घेऊन त्या घरी परतत आणि जिना चढता चढता हळू आवाजात पुरी करत.

अशा बाईच्या एकुलत्या एक मुलाने लग्न केलं ते परदेशात, सरकारी कचेरीत, दोन सह्या करून.

विपुल जहाजावर इंजिनखान्यात होता. फिलिपिन्सच्या एका बंदरात जहाज दुरुस्तीला लागलं. बंदराबाहेरच्या खानावळीत मारिया गल्ल्यावर बसायची. दुरुस्ती लांबली आणि विपुलचं जेवणही लांबत गेलं. जूनमध्ये तो तिला घेऊन शिरवण्याला उतरला तेव्हा भाऊबंद कौतुकाने जमले, आणि प्रत्येकाने एकच प्रश्न विचारला: हळद कधी?

"रजिस्टर झालाय ना," पुतळाबाई म्हणाल्या. "मंग आता देवांना कनाला तरास देयाचा?"

बोलणं साधं होतं, पण धवलारणीच्या तोंडचं होतं. पाहुण्यांनी चहा संपवला आणि चपला शोधल्या. त्यानंतर त्या घराकडे फारसं कोणी फिरकलं नाही. महिन्याभरात विपुल पुन्हा जहाजावर गेला. तीन मजल्यांच्या इमारतीत खालचे दोन मजले भाडेकरूंचे, एमआयडीसीच्या पाळ्यांप्रमाणे येणारे-जाणारे. वरच्या मजल्यावर सासू आणि सून राहिल्या.

सुनेचं खातं पुतळाबाईंनी पहिल्याच दिवशी मनात उघडलं होतं. नावे बाजूला: प्रत्येक कालवणात व्हिनेगर ओतते; फोनवर आपल्या भाषेत बोलताना एकटीच हसते; गळ्यात क्रॉस. जमेला: सकाळी उठून आपल्यासारखाच गरम भात नि भाजलेली सुकट खाते; मासळीचं डोकं टाकत नाही; शिकवलेलं विसरत नाही. मारियाला मराठी शिकवली ती पुतळाबाईंनीच, म्हणजे मराठी अशी नव्हेच, आगरी. नेरूळ स्टेशनबाहेर ती भाजीवालीला "कवऱ्याला गो मावशे?" असा भाव विचारी तेव्हा आजूबाजूची माणसं वळून बघत.

खातं केव्हा फिरलं हे पुतळाबाईंच्या लक्षात आलं नाही. एवढं मात्र खरं, की पूर्वी टीव्ही लावल्याशिवाय त्यांना घास गिळवत नसे, आणि दिवाळीनंतर कधीतरी टीव्ही लावायचा राहूनच जाऊ लागला होता.

जानेवारीत, संक्रांतीच्या आदल्या रविवारी, दुपारच्या झोपेतून उठून त्या बाहेर आल्या तर मारिया जमिनीवर बसली होती. हातात फोन होता. फोनमध्ये राखाडी रंगाचं काहीतरी ढगासारखं वर वर चढत होतं आणि त्यात मधूनच वीज चमकत होती.

"कं झाला गो?"

"आई, डोंगर फुटला."

"कुठला डोंगर?"

"माजे घरासमोरचा."

पुतळाबाईंना पारसिकचा डोंगर माहीत होता. सुरुंग लावून दगडासाठी फोडलेले डोंगरही माहीत होते. पण डोंगर आपला आपण फुटतो आणि आकाशाला जाऊन भिडतो, हे त्यांना पटेना. मारियाने फोन खाली ठेवला, स्वयंपाकघरातून पितळी परात आणली, तिच्यात पाणी ओतलं. पाण्यात मधोमध टोप पालथा घातला. टोपाच्या बुडावर एक वाटी ठेवली आणि वाटीतही पाणी ओतलं.

"हा मोठा तलाव," ती परातीतल्या पाण्यात बोट बुडवून म्हणाली. "तलावात बेट, तो डोंगर. डोंगराचे डोक्यावर खड्डा, खड्ड्यात परत तलाव." तिने डब्यातून एक सुपारी काढून वाटीत टाकली. "नि त्या तलावात परत एक लहान दगड. सगले बघायला येतात. माजा भाऊ घोड्यावर बसवून त्यांना वर नेयाचा, तो व्हता तवा."

पुतळाबाई परातीकडे बघत राहिल्या. समुद्रात जमीन, जमिनीत तलाव, तलावात डोंगर, डोंगरात तलाव, तलावात दगड. एवढ्या पाण्यांच्या आत बसलेल्या त्या एकट्या सुपारीकडे बघून त्यांना काहीतरी वाटलं. पण ते ओळखीचं असल्यामुळे त्यांनी ते तसंच सोडून दिलं.

"नि तुजी आय?"

मारियाने परातीच्या काठावर, पाण्याबाहेर बोट ठेवलं. "इथं."

मारिया आपल्या आईला नानाय म्हणे. नवरा गेलेला, मुलगा आखातात जाऊन तिकडचाच झालेला. तळ्याकाठच्या घरात नानाय एकटी राहून तळ्यातली मासळी वाळवून विकायची. संध्याकाळी तिचा फोन लागला. सरकारने सगळ्यांना उठवून लांबच्या शाळेत नेलं होतं. घरावर राख पडली, आणि राख पडते तेव्हा पावसासारखी हलकी वाटते पण भिजली की सिमेंट होते. पत्रे खाली आले. नानाय एका वर्गात फरशीवर झोपली होती. तिचं म्हणणं एवढंच होतं, की तू इकडे येऊ नकोस.

"येऊ नको बोलते," मारिया म्हणाली.

"मंग नको जाऊस," पुतळाबाई लगेच म्हणाल्या. आई येऊ नको म्हणते तेव्हा तिला काय म्हणायचं असतं, हे त्यांना चांगलं ठाऊक होतं. विपुलच्या प्रत्येक फोनला त्याही, माझी काळजी करू नको, असंच म्हणत.

दुसऱ्या दिवशी विपुलचा फोन आला. जहाज कुठल्याशा समुद्रात होतं, आवाज तुटत होता. मारिया आत रडत होती, म्हणून तो आईशी बोलला.

"आये, ती जायचं बोलतेय. तिकडचा विमानतळ राखेनं बंद आहे, चालू झाला की जाईल. मी बोललो, जा."

"नि मंग?"

"मग काय? तिच्या आयला सोडून ती लगेच कशी येईल? मी एप्रिलमध्ये उतरलो की डायरेक तिकडेच जातो. बघू पुढचं पुढं. तू टेन्शन घेऊ नको."

पुतळाबाईंनी टेन्शन घेतलं नाही, हिशेब घेतला. सून जाणार, तिच्यामागून मुलगा तिकडेच उतरणार. पुढचं पुढं म्हणजे काय, हे सांगायला कमळाकर संध्याकाळी आलाच.

"वयनी, आता सांगून ठेवतो," तो ताटावर बसत म्हणाला. "ती गेली की गेली. नि तुजा पोरगा त्याहून गेला. हितं तू नि भाडेकरू. भाडेकरू तरी भाडा देयाला तोंड दाखवतील."

"तुजा तोंड हाय ना रोज."

"मी हाय तोपर्यंत," कमळाकर म्हणाला आणि त्याने आणखी भात मागितला.

पुतळाबाई त्याला वाढत होत्या, तेव्हाच त्यांना ते सुचलं. हळद लागलेली नवरी गावची वेस ओलांडत नाही. हळद अंगावर असताना बाहेरचं वारं लागू द्यायचं नसतं, हे शिरवण्यातलं शेंबडं पोरही सांगेल. आणि मारियाला हळद लागायची राहिलीच होती.

"येत्या शुक्रवारी हलद करते मारियाची," त्या म्हणाल्या.

कमळाकरचा घास हातात राहिला. "पौषात?"

"लगीन जूनमंदी झाला. पौषात लगीन नको. हलदीचा कोन बोलला?"

"सगलेच बोलतात."

"मी धवलारीन का ते?"

कमळाकरने घास तोंडात टाकला. भरल्या तोंडाने वाद घालता येत नाही, हा एक फायदा.

मारियाला त्यांनी वेगळं सांगितलं. तुझ्या लग्नात सगळ्यांना आवतण द्यायला हवं होतं. तुझ्या डोंगराला कोणी बोलावलं नाही, म्हणून तो रागावला आहे. आता हळद करू, त्याला मानाने बोलावू, तो शांत होईल. हे सांगताना त्यात आपलं किती आणि डोंगराचं किती, याची फोड त्यांनी केली नाही.

मारिया म्हणाली, "आई, आमी चर्चला जातो. तो डोंगर देव नाय."

"तुमचा देव येगला आसंल. डोंगराला त्याचा कं? तो काय तुमचा चर्च बगून फुटला का?"

मारियाने थोडा विचार केला. गेले दोन दिवस तिने प्रार्थनेशिवाय काही केलं नव्हतं आणि डोंगर धूर सोडतच होता. "हलद झाली का मंग मी जाऊ?"

"आदी हलद तं लागू दे," पुतळाबाई म्हणाल्या आणि तांदूळ निवडायला बसल्या.

शुक्रवारी दुपारी गच्चीवर मांडव उभा राहिला. मांडव म्हणजे पाण्याच्या टाकीला आणि डिश अँटेनाच्या दांड्याला बांधलेले चार बांबू, वर आंब्याचे टहाळे. उंबराची फांदी कमळाकरने कुठूनशी आणून दिली. तेवढं काम त्याने कुरकुर न करता केलं. पुतळाबाईंनी गावातल्या सगळ्या बायकांना आवतण दिलं होतं. दारोदार जाऊन, हातावर अक्षता ठेवून. बायका गोड बोलल्या. कोणाला पौष आड आला, कोणाला मुलांची परीक्षा, आणि एकीने तर, मावशी, डीजे नाय का, असं विचारलं आणि मग तिचं डोकं दुखू लागलं. जूनमधला तो चहा कोणी विसरलेलं नव्हतं.

धवलारीण विधवा असली तरी चालते, पण अंगाला हळद लावायला सवाष्ण लागते. म्हणून कमळाकरची सून प्रिया तेवढी आली. ती वाशीला बँकेत होती आणि अर्ध्या दिवसाची रजा टाकून आली होती. तिने मारियाला हळद लावली, दोघींचा फोटो काढला, पुतळाबाईंच्या पाया पडली आणि मीटिंग आहे म्हणून खाली उतरली. गच्चीवर दोघी उरल्या.

पुतळाबाईंनी चौक काढला होता. सूर्य, चंद्र, आणि कडेने मुठी मुठी तांदूळ. सगळ्यात शेवटी, आग्नेयेच्या बाजूला, मारियाने तीच परात आणून ठेवली होती. पाण्यात टोप, टोपावर वाटी, वाटीत सुपारी. पुतळाबाईंनी डोळे मिटले आणि सुरू केलं.

"आवतन देते गावदेवी माय, ये गो मांडवात..."

धवल्याची रीत अशी की धवलारणीने एक ओळ म्हणायची आणि मागे बसलेल्या बायकांनी ती उचलायची. तेवढ्या वेळात धवलारीण श्वास घेते. पुतळाबाईंनी ओळ म्हटली आणि सवयीने थांबल्या. मागून काही आलं नाही. खालच्या रस्त्यावरून रिक्षा गेली. लांब कुठल्यातरी कारखान्याचा भोंगा झाला. एवढ्या वर्षांत अशी शांतता त्यांच्या ओळीमागे कधी आली नव्हती. त्या पुढची ओळ घेणार, तोच पुढून, चौकाच्या पलीकडून, हळदीने पिवळी झालेली मारिया हळूच म्हणाली:

"ये गो मांडवात."

चाल चुकली होती, पण जागा बरोबर होती. पुतळाबाईंनी डोळे उघडले नाहीत. खाडी आली, बांध आला, मिठागराचा राखणदार आला. प्रत्येक नावामागून ती आपली मोडकी ओळ लावत गेली. विहिरीपर्यंत येता येता चालही जमली. मग नवरीच्या गावची पाळी आली. इथे नाव लागतं. नावाशिवाय आवतण म्हणजे रस्त्यावरच्या कोणालाही हाक मारणं.

पुतळाबाई गाणं न तोडता, त्याच सुरात म्हणाल्या, "सांग गो नवरी, तुज्या डोंगराचा नाव सांग."

"ताल," मारिया म्हणाली.

"तुज्या आयचा नाव सांग."

"रोझारिया."

मग पुतळाबाईंनी जे गायलं ते आधी कोणी गायलेलं नव्हतं, आणि त्यांनाही ते ओळ तोंडात येईपर्यंत ठाऊक नव्हतं. त्या म्हणाल्या, ताल डोंगरा, पाण्यातल्या राजा, तुला आवतण द्यायला उशीर झाला. ये, हितं बस, तुझ्या डोक्यावरचा जाळ हितं उतरव. रोझारिया एकटी हाय, तिचं घर पडलंय, तिच्यावर रागावू नको, आवतण द्यायचं मीच विसरले होते, रागावायचं तर माझ्यावर रागाव. हे गाताना आपण हा मांडव कशासाठी घातला होता, ते त्यांच्या डोक्यातून गेलं. धवल्याचं असंच असतं. आत काही लपवून ठेवायला जागा राहत नाही.

मारियाने शेवटची ओळ उचलली नाही. ती रडत होती आणि गालावरची हळद हनुवटीपर्यंत ओघळली होती.

शनिवार गेला. रविवार गेला. मारिया वेशीबाहेर गेली नाही; जिना उतरूनसुद्धा गेली नाही. बॅग पलंगाखाली सरकली. डोंगराचा धूर, ती म्हणाली, आता थोडा कमी आहे, पण माणसांना अजून घरी सोडत नाहीत. नानाय फरशीवरच होती. तिला खोकला झाला होता. मारिया फोनवर आता हसत नव्हती. आईशी बोलून झालं की फोन मांडीवर ठेवून ती हातांची हळद बघत बसे.

"वयनी, जमलं गो तुजं," कमळाकर जिन्यात हळू आवाजात म्हणाला. "मी तं बोललो व्हतो म्हातारी येडी झाली. तू तं वकिलाच्या वरची निगालीस."

पुतळाबाई जिना चढत राहिल्या. त्यांना एक गोष्ट माहीत होती जी कमळाकरला माहीत नव्हती, प्रियाला माहीत नव्हती, आणि शिरवण्यात आता बहुधा कोणालाच नीटशी आठवत नव्हती. हळद हा शेवट नाही. हळदीमागून बसवलेले देव उठवायचे असतात, एकेकाचं नाव घेऊन, ज्याला त्याला आपल्या जागी पाठवायचं असतं. आणि देव उठले की नवरीची मांडवपरतणी. नवरी माहेरी जाते, सासरच्यांनी मानाने पाठवायची असते. तोपर्यंत लग्न अर्धं.

आता लग्नं एका दिवसात उरकतात. नवरी हॉलमधून सासरी येते आणि दोन दिवसांनी फिरायला जाते. परतणी कोण करतंय? पुतळाबाई गप्प राहिल्या असत्या तर विचारणारं कोणी नव्हतं. सगळ्या धवल्यांची शेवटची वही म्हणजे त्यांचं डोकं, आणि त्यातलं एक पान उलटलं नाही तर जगाला कळणार नव्हतं. हे त्यांनी दोन दिवस मनात घोळवलं. दोन दिवस त्या भात करत होत्या, सुकट भाजत होत्या, टीव्ही न लावता जेवत होत्या, आणि समोर जेवणारी सून एक घास चावत किती वेळ बसते ते बघत होत्या.

सोमवारी सकाळी त्या गच्चीवर तुळशीला पाणी घालायला गेल्या तर मारिया चौकापाशी उकिडवी बसली होती. तिने परातीतल्या टोपावरची वाटी उचलली आणि तिच्यातलं पाणी सांडून वाटी परत जागेवर ठेवली. सुपारी कोरड्या वाटीत खडखडली.

"कं केलास गो?"

"पानी गेला, आई. वरचा तलाव गेला, सगला. आता नुसता खड्डा हाय, चिखल हाय. फोटो आला." ती वाटीकडे बघत म्हणाली. "आमी लहान व्हतो तवा नानाय आमाला तितं नेयाची. पानी गरम असायचा. ती बोलायची, हा तलाव कवा जानार नाय."

पुतळाबाई तिच्या शेजारी बसल्या. गुडघ्यांनी कुरकुर केली. कोरड्या वाटीकडे बघता बघता त्यांना साऱ्या प्रकरणाचा उलगडा झाला, निदान त्यांना तसं वाटलं. डोंगराला आवतण दिलं, तो आला. इथे येऊन बसला, म्हणून तिथे जागा रिकामी. आणि आलेल्याला निरोप न देता बसवून ठेवलाय तो मीच.

"देव उठवायला लागतील," त्या म्हणाल्या.

त्यांनी तिथेच, आंघोळीच्या ओल्या केसांनी, पाठवणीचा धवला सुरू केला. गावदेवी, तू देवळात जा. खाडी, तू खाडीत जा. बांधाला रस्त्याखाली पाठवलं, विहिरीला मोबाइलच्या दुकानाखाली. एकेक मूठ तांदूळ पदरात गोळा होत गेला. शेवटी परात राहिली. पुतळाबाई थांबल्या. ही थांबायची जागा नव्हती.

"ताल डोंगरा," त्या म्हणाल्या, "तुजी वाट लांबची हाय. तुजी लेक तुज्यासंगाती देते."

मारियाने मान वर केली.

"मांडवपरतनी," पुतळाबाईंनी तिला सांगितलं. "हलद झाली का नवरी आयकडं जाते. मी नाय ठरवला. रीत हाय."

"हलदीच्या आदी नाय बोललीस."

"नाय बोलली," पुतळाबाई म्हणाल्या आणि परात उचलून पाणी तुळशीत ओतलं.

विपुलला त्यांनी स्वतः फोन लावला. मी तिला पाठवतेय, त्या म्हणाल्या. विपुल म्हणाला, आये, तूच तर तिला अडवलं होतंस. पुतळाबाई म्हणाल्या, मी अडवलं नव्हतं, मी हळद केली. दोन्हीतला फरक जहाजावरून समजण्यासारखा नव्हता, म्हणून त्याने विचारलं नाही.

विहीणबाईंचा मान म्हणून पुतळाबाईंनी वाशीहून हिरवं लुगडं आणलं. रोझारिया ते नेसणार नाही हे त्यांना कळत होतं. पण फरशीवर अंथरायला तरी होईल. त्यासोबत सुकट, सोडे, हळकुंडं, आणि डोंगरासाठी एक नारळ. विमानात नारळ नेऊ देत नाहीत असं प्रियाने सांगितलं. नारळ परत देवापुढे आला.

टॅक्सी खाली उभी राहिली तेव्हा कमळाकरने बॅग उचलली आणि सगळ्यांच्या पुढे उतरला, म्हणजे कोणाचं तोंड बघावं लागू नये. मारिया पायरीवर वाकली. तिच्या नखांच्या कडेला अजून पिवळं होतं.

"मी कवा येऊ, आई?"

"परतनीची नवरी आपन येत नाय," पुतळाबाई म्हणाल्या. "तिला आनायला जायाला लागतं. सासरचा मानूस जातो."

"विपुल?"

"नवरा जात नाय. नवऱ्याकडची बाई जाते."

मारिया काहीतरी विचारणार होती. पण ड्रायव्हरने हॉर्न दिला, आणि विमानाची वेळ झालेली होती.

फेब्रुवारीत गावात लग्नं सुरू झाली. भिंतीएवढे स्पीकर गल्लीत आले. दोन ठिकाणांहून पुतळाबाईंना व्हिडिओपुरतं बोलावणं आलं. त्या गेल्या, जेवल्या, परतल्या. मारिया दोन-चार दिवसांनी फोन करी. नानाय शाळेतून एका नातेवाइकाकडे आली होती. लुगडं शाळेतल्या सगळ्या बायकांनी हात लावून बघितलं. डोंगर गप्प होता. पुतळाबाई त्याचं श्रेय घेत नसत. एवढंच म्हणत, आला व्हता, जेवून गेला. मारिया परत येण्याचं बोलत नसे. आणायला जायचं असतं, हे तिला एकदाच सांगितलं होतं, आणि शिकवलेलं ती विसरत नसे.

एका दुपारी कमळाकर जेवायला बसला. ताटं दोनच होती आणि टीव्ही चालू होता.

"वयनी," तो टीव्हीकडे बघत म्हणाला, "सून कवा येनार?"

"आनायला जायाला लागंल."

"कोन जानार?"

"पासपोर्टचा फोटू कुठं काढतात?"

कमळाकरने टीव्हीवरून नजर काढली. वहिनी नेरूळहून पनवेलला गेली तरी घराचं कुलूप परत परत ओढून बघते, हे त्याला माहीत होतं. थट्टा करायची ही फार चांगली वेळ होती आणि त्याच्याकडे मालही भरपूर होता.

"वाशीला," तो म्हणाला. "मी येतो संगाती."

वाशीच्या स्टुडिओतल्या पोराने पुतळाबाईंना पदर खाली घ्यायला सांगितला, मान सरळ करायला सांगितली आणि हसू नका म्हणून बजावलं. ते शेवटचं सांगायची गरज नव्हती. फॉर्मचं प्रिया बघणार होती. पुढे कागद किती, तारखा किती, विमानं किती, हे कोणाला ठाऊक नव्हतं. फोटो पाकिटात घालून त्या घरी आल्या.

तिन्हीसांज झाली तेव्हा त्यांनी देवापुढे दिवा लावला. नारळ अजून तिथेच होता. हात जोडून त्या रोजची नावं घेऊ लागल्या: गावदेवी, खाडी, बांध, राखणदार, उंबर, विहीर. सगळ्यात शेवटी, हल्ली लागलेल्या सवयीने, "ताल" म्हणाल्या.

आणि मागून कोणी ओळ उचलेल म्हणून थांबल्या.

खालच्या मजल्यावर भाडेकरूंची पाळी सुटली होती. दारं उघडून मिटली. वर सगळं गप्प होतं. थोडा वेळ वाट बघून पुतळाबाईंनी श्वास घेतला आणि ती ओळ स्वतःच उचलली.